गोऱ्याची ती रचना, काळ्याची ती नक्कल

आद्य हा शब्द वाचला की मी आधी बघतो, कुणाचं काय उचललंय. आद्य अमुक, आद्य तमुक. कुणीतरी ते आधीच करून ठेवलेलं असतं, पण त्याला नाव नसतं. मग ज्याला छापखान्याची पायरी चढता येते तो आद्य होतो.

अमेरिकेच्या संगीतालाही असा एक आद्य आहे. लुई मॉरो गॉट्शॉक. पियानो वाजवणारा आणि पियानोसाठी रचना करणारा. जन्म ८ मे १८२९, न्यू ऑर्लिन्स. मरण १८ डिसेंबर १८६९, ब्राझीलमधे, रिओजवळच्या तिजुकाला. वय पुरतं चाळीस. अमेरिकेत जन्मून युरोपात नाव काढणारा पहिला पियानोवाला, अमेरिकेच्या मातीतले ताल पियानोवर आणणारा पहिला, असं जाणकार लिहितात. मातीतले म्हणे! ती माती खांदत कोण होतं आणि खांदताना गात कोण होतं, हे त्याच वाक्यात लिहायला ह्यांच्या पेनातली शाई संपते काय?

दोस्तहो, आपल्याच बैठकीत एकानं मला तोंडावर विचारलं, पियानो म्हणजे साहेबाचं खेळणं, त्याच्याशी आपलं देणंघेणं काय? देणंघेणं आहे. मी सूतगिरणीत रिंग खात्यात सायडर आहे. सातवीनंतर शाळा सुटली. इंग्रजी डिक्शनरी मांडीवर घेऊन शिकलो. पियानोला आजवर बोट लावलेलं नाही, पण तिसरी पाळी सुटल्यावर मोबाइलवर ऐकतो, कान देऊन ऐकतो. ज्या माणसाला चारशे स्पिंडलांच्या गोंगाटात कुठलं स्पिंडल बिघडलंय ते न बघता कळतं, त्याला तालातलं कळत नाही असं कुणी सांगायला येऊ नये. आणि ह्या गॉट्शॉकच्या गोष्टीत एक शब्दाचा व्यवहार झालाय. तो पैशाच्या व्यवहाराइतकाच काळा आहे. त्यावर बोलायचंय.

आधी त्याचं घर बघू. बाप एडवर्ड, लंडनमधे जन्मलेला ज्यू व्यापारी. आई एमे ब्रूले, फ्रेंच घराण्यातली. ही ब्रूले मंडळी मूळची सेंट-डोमिंग बेटावरची, म्हणजे आजच्या हैतीची. त्या बेटावर १७९१ साली गुलाम उठले आणि १८०४ पर्यंत त्यांनी मालकांना समुद्रात ढकलून स्वतःचं राज्य उभं केलं. जगाच्या इतिहासात गुलामांनी स्वतःच्या हातांनी मिळवलेलं राज्य. ब्रूले मंडळी तिथून पळाली ती न्यू ऑर्लिन्सला आली. आणि पोराला सांभाळायला त्या घरात कोण होती? सॅली. त्याच बेटावरची बाई. गुलाम. ज्या बेटावर तिचे भाऊबंद मोकळे झाले, त्या बेटावरची ती, आणि इथं मालकाच्या पोराला मांडीवर घेऊन बसलेली. आजी बंडाच्या भयंकर गोष्टी सांगायची आणि सॅली बेटावरची गाणी, भुताखेतांच्या आणि जनावरांच्या गोष्टी. पोरगं ऐकायचं.

न्यू ऑर्लिन्समधे काँगो स्क्वेअर म्हणून मैदान होतं. १८१७ साली शहरानं हुकूम काढला, गुलामांनी नाचायचं तर रविवारी, एका ठरलेल्या जागी, सूर्य मावळेपर्यंत. तिथं ढोल वाजायचे. लोक वर्षानुवर्षं लिहीत आले की लहान गॉट्शॉक घराच्या सज्जातून हे ढोल ऐकायचा आणि तिथून त्याचं संगीत सुरू झालं. चित्र छान आहे. सज्जात गोरा मुलगा, खाली काळे नाचतायत. पण फ्रेडरिक स्टार ह्या चरित्रकारानं १९९५ सालच्या त्याच्या मोठ्या पुस्तकात ही सज्जाची गोष्ट उसवली आणि दाखवलं की पोराची खरी शाळा घरातच होती, आजी आणि सॅली. मला हे पटतं. सज्जाची गोष्ट लोकांना का आवडते तेही मला कळतं. सज्जातून ऐकलं की कुणाचं देणं लागत नाही. हवेतून आलं, कानात शिरलं. मांडीवर बसून ऐकलं की एका बाईचं नाव घ्यावं लागतं. आणि त्या बाईला इतिहासात आडनावसुद्धा नाही. नुसती सॅली. बाजारात बैलाला असतं तसं एक नाव.

बारा-तेरा वर्षांचा असताना बापानं त्याला पॅरिसला धाडलं. तिथल्या सरकारी संगीतशाळेत पियानो विभागाचा मुख्य झिमरमान. त्यानं पोराचं वाजवणं ऐकलंसुद्धा नाही. अमेरिका हा वाफेच्या इंजिनांचा देश, तिथनं कसला वादक येतोय, म्हणून परत पाठवला. जन्म बघून दार लावलं. हे मी मुद्दाम सांगतोय, कारण ह्या माणसालाही एकदा तो दरवाजा नाकावर बसलेला आहे. फरक एवढाच की त्याच्या बापाकडे दुसरा मास्तर ठेवायला पैसे होते. १८४५ साली पॅरिसच्या प्लेयेल सभागृहात तो वाजवायला बसला तेव्हा समोर शोपँ होता, आणि शोपँनं त्याची पाठ थोपटली. पोरगं सोळाचंसुद्धा नव्हतं.

मग आला 'बांबूला'. वीस वर्षांच्या आत लिहिलेला. बांबूला हे ढोलाचं नाव, त्या ढोलावरच्या नाचाचंही नाव. खाली लिहिलेलं, काळ्यांचा नाच. चाल लुइझियानाच्या गुलामांची, रताळी शिजण्यावरचं त्यांचं गाणं. तुम्ही ऐका एकदा. सुरुवातीलाच हात खालच्या पट्ट्यांवर आदळतात, धप्प, पियानो नव्हेच, कातडं आहे असं वाटतं. मग डावा हात ढोल धरून राहतो, अडखळल्यासारखा चालणारा, ठोका जिथं यावा असं वाटतं त्याच्या जरा आधी नाहीतर नंतर येणारा, आणि उजवा हात वर गाणं म्हणतो. पाय हलल्याशिवाय राहत नाही. पॅरिस वेडं झालं. मागोमाग 'ला सवान', 'ल बनानिए', 'ल मांसिनिए', सगळी गुलामांच्या गाण्यांवरची. केळीच्या झाडाचं 'ल बनानिए' तर घराघरातल्या मुली वाजवायला लागल्या. पुढं १८५०च्या दशकात अमेरिकेला परतल्यावर 'द बँजो'. बँजो हे वाद्य आफ्रिकेतून आलेल्या गुलामांनी भोपळ्यावर कातडं ताणून केलेलं. गॉट्शॉकनं पियानोच्या पट्ट्यांवर त्याच्या तारा इतक्या हुबेहूब छेडल्या की आजही माणूस चकित होतो.

हुबेहूब. हा शब्द ध्यानात ठेवा.

आता 'बांबूला'ची अर्पणपत्रिका. गुलामांचा नाच कुणाला अर्पण? स्पेनची राणी दुसरी इसाबेला हिला. जिच्या राज्यात क्युबा होतं, पोर्तो रिको होतं, आणि तिथल्या उसाच्या मळ्यांत त्याच नाचाचे लोक चाबकाखाली होते. क्युबात गुलामी संपली १८८६ साली. ढोल गुलामांचा आणि नजराणा मालकिणीला. ह्यावर मला आपल्या जोतीरावांची अर्पणपत्रिका आठवते. १८७३ सालची 'गुलामगिरी'. पुण्यात बसून एका माळ्यानं आपलं पुस्तक अमेरिकेतल्या त्या भल्या लोकांना अर्पण केलं ज्यांनी गुलामांना मोकळं करायला झीज सोसली. त्यानं अमेरिका पाहिली नव्हती, तिथलं गाणं ऐकलं नव्हतं. कुणाला अर्पण करायचं ते मात्र त्याला कळत होतं.

गॉट्शॉक खलनायक नव्हता, हेही लिहिलं पाहिजे. नाहीतर आपण पोथीवाल्यांसारखेच. दक्षिणेत जन्मून तो यादवीत उत्तरेच्या बाजूनं उभा राहिला. वारशानं आलेले गुलाम मोकळे केल्याचं त्यानं लिहून ठेवलंय. १८६४ साली वॉशिंग्टनला त्याच्या मैफिलीला अध्यक्ष लिंकन समोर बसला होता. बाप कर्ज ठेवून १८५३ साली मेला, तेव्हापासून आई आणि भावंडांचं पोट ह्याच्या बोटांवर. रेल्वेनं गावोगाव, साडेचार महिन्यांत पंच्याऐंशी मैफिली, पंधरा हजार मैल, असा हिशेब त्यानं स्वतः मांडलाय. हा मजुरीचा हिशेब आहे, मला कळतो. आणि १८६० साली हवानाच्या ताकोन नाट्यगृहात त्याची 'उष्ण कटिबंधातली रात्र' ही सिम्फनी झाली तेव्हा त्यानं सांतियागोहून काळे ढोलवाले त्यांच्या म्होरक्यासकट बोलावून भर रंगमंचावर बसवले. साहेबांच्या ऑर्केस्ट्राच्या मधोमध गुलामांचे ढोल. त्या काळात हे सोपं नव्हतं. पण बघा, सिम्फनीवर नाव एकाचं. ढोल ज्यांनी वाजवले ते 'सांतियागोचे काळे'.

माणूस बरा होता. माझा राग आहे तो त्याच्या नावामागं लावलेल्या शब्दावर. तो राग नीट कळायचा तर त्याच वेळी, त्याच देशात, त्याच पियानोवर बसलेला दुसरा माणूस बघावा लागतो.

टॉम विगिन्स. जन्म २५ मे १८४९, जॉर्जिया. जन्मतः आंधळा, जन्मतः गुलाम. आई चॅरिटी, बाप मिंगो. १८५० साली सगळं कुटुंब विकलं गेलं, कोलंबस गावच्या बेथ्यून नावाच्या वकिलाला. वकीलही आणि पेपरवालाही, दक्षिणेनं फुटून निघावं म्हणून आरडाओरडा करणारा. आंधळं पोर कामाचं नाही म्हणून सौद्यात फुकट घातलं, असं सांगतात. मालकाच्या घरात पियानो होता. मालकाच्या मुली वाजवायच्या. एका रात्री पियानो आपोआप वाजायला लागला म्हणून घर जागं झालं तर अंधारात हे पोर बसलेलं. अंधाराचं त्याला काय! पाच-सहा वर्षांच्या वयात पाऊस ऐकून त्यानं पावसाची रचना केली. 'रेन स्टॉर्म'. पन्हाळीतून पाणी पडतं ते, वारा घुमतो ते, गडगडाट. आठव्या वर्षी, १८५७ साली, मालकानं त्याला लोकांसमोर बसवला. मग पेरी ऑलिव्हर नावाच्या तमाशेवाल्याला भाड्यानं दिला, तीन वर्षांना पंधरा हजार डॉलर. फुकट घातलेलं पोर, पंधरा हजार. १८६० साली अध्यक्ष ब्युकॅननसमोर व्हाइट हाऊसमधे वाजवलं. तिथं कार्यक्रम करणारा तो पहिला काळा. वय अकरा.

आणि ह्या पोराला काय म्हणत? जाहिरातीत 'इडियट' छापलेलं असायचं. पोपट. निसर्गाचा चमत्कार. ऐकलेलं जसंच्या तसं ओकणारं यंत्र. खेळात गावातल्या एखाद्या गोऱ्या वादकाला पुढं बोलावत, त्यानं कुणी न ऐकलेलं काही वाजवायचं, मग टॉमनं तेच वाजवून दाखवायचं. टाळ्या. एका हातानं एक चाल, दुसऱ्या हातानं दुसरी, तोंडानं तिसरी. टाळ्या. पियानोकडे पाठ करून वाजव. टाळ्या. ज्याला बेटोव्हन आणि बाख येत होते त्याला माकडउड्या मारायला लावल्या, आणि मग लोक म्हणाले, बघा, हा तर नक्कल करतो, ह्याला स्वतःचं काय आहे?

थांबा जरा. गोऱ्या मुलानं सॅलीचं गाणं ऐकलं आणि पियानोवर हुबेहूब उतरवलं, ती रचना. काळ्या मुलानं पाऊस ऐकला आणि पियानोवर हुबेहूब उतरवला, ती नक्कल. गोऱ्यानं बँजोच्या तारा पट्ट्यांवर छेडल्या, तो आद्य. काळ्यानं तोफा पट्ट्यांवर डागल्या, तो इडियट. अरे कुठल्या तराजूनं मोजताय? मी तर म्हणतो पाऊस उतरवणं जास्त अवघड. गाण्याला आधीच चाल असते, कुणीतरी आधीच ती घडवलेली असते. पावसाला चाल कुठली? ती ऐकणाऱ्याला घडवावी लागते.

त्याची 'सोइंग साँग' म्हणून एक रचना आहे, शिलाई यंत्राची. ती मी ऐकली आणि गप्प बसलो. यंत्राजवळ आयुष्य न काढलेल्या माणसाला वाटतं यंत्राचा आवाज एकसुरी, कटकट कटकट. यंत्र एकसुरी नसतं. चाक उचलताना वेगळं बोलतं, वेगात आल्यावर वेगळं, हात ढिला पडला की वेगळं. आमचा साचा डॉफिंगनंतर पुन्हा सुरू होतो तेव्हा खालून वर चढत जातो तो आवाज मी झोपेतही ओळखीन. टॉमनं ते पकडलंय, आणि पकडून त्यावर गाणं चढवलंय. ह्याला नक्कल म्हणणाऱ्यानं आमच्या खात्यात आठ तास उभं राहून दाखवावं.

आमच्या खात्यातलंच एक सांगतो. एका डॉफरनं भरलेल्या बॉबिनी उतरवायची एक युक्ती काढली, साचा बंद राहायचा वेळ कमी झाला. बक्षिसाचा कागद निघाला तो वरच्या साहेबाच्या नावानं. त्यात लिहिलं, कल्पक. डॉफरबद्दल साहेब म्हणाला, चलाख आहे पोरगा. कल्पक आणि चलाख. शब्द वाटले जातात ते असे. पगाराच्या पाकिटासारखे, आधीच कुणाचं किती ते ठरलेलं.

आता तोफांचं. 'बॅटल ऑफ मनॅसस', १८६१ सालच्या लढाईवरची टॉमची रचना. दुरून येणारे ढोल, बासऱ्या, दोन्ही फौजांची गाणी, तोंडानं काढलेला आगगाडीचा आवाज. आणि तोफ आली की पंजा उघडून खालच्या पट्ट्यांवर, एकदम जेवढे सूर सापडतील तेवढे, धडाड. सुरांचा असा एकदम गठ्ठा मारायची रीत पुढं १९१०च्या दशकात हेन्री कॉवेल नावाच्या गोऱ्या अमेरिकन रचनाकारानं वापरली आणि ती त्याची मोठी नवी वाट म्हणून पुस्तकांत गेली. पुन्हा आद्य! पन्नास वर्षं आधी एका आंधळ्या गुलाम पोरानं तेच केलं तेव्हा ते पियानो बडवणं होतं.

तुमच्यातला कडक कार्यकर्ता इथं उठून म्हणेल, मनॅससला तर गुलामवाले जिंकले होते, ह्यानं मालकांच्या विजयाचं गाणं वाजवलं, मैफिलींचे पैसे त्यांच्या फौजेला गेले, हा कसला आपला? प्रश्न बरोबर आहे. उत्तरही ऐका. बारा वर्षांचा आंधळा गुलाम, मालकाच्या घरात रात्रंदिवस लढाईच्या बाता. त्याच्यापुढं जे आवाज टाकले ते त्यानं वाजवले. कुठले आवाज त्याच्या कानावर पडावेत, हेही मालकाच्या हातात होतं. गुलामी म्हणजे साखळी हे आपल्याला पाठ आहे. गुलामी म्हणजे हेसुद्धा.

आणि सुटका? १८६५ साली घटनेत तेरावी दुरुस्ती झाली, गुलामी कायद्यानं गेली. पण हार दिसायला लागली तशी बेथ्यूननं टॉमच्या आईबापांच्या सह्या करारावर घेतल्या होत्या. त्याच १८६५ साली टॅब्ज ग्रॉस हा काळा माणूस, स्वतः गुलामीतून सुटलेला, सिनसिनाटीच्या कोर्टात उभा राहिला की ह्या मुलावर हक्क माझा. कोर्टानं निकाल दिला बेथ्यूनच्या बाजूनं. १८७० साली बेथ्यूनच्या पोरानं, जॉननं, व्हर्जिनियाच्या कोर्टातून टॉम वेडा असल्याचं ठरवून घेतलं आणि स्वतः पालक झाला. बघा कारागिरी! गुलाम ठेवता येत नाही, मग वेडा ठरव. मालक म्हणता येत नाही, मग पालक म्हण. पैसा त्याच खिशात. इकडे जोतीराव अमेरिकेच्या भल्या लोकांना 'गुलामगिरी' अर्पण करत होते त्या १८७३ साली टॉम पालकाच्या ताब्यात गावोगाव वाजवत फिरत होता. १८८४ साली जॉन आगगाडीखाली मेला. मग त्याची बायको एलायझा पुढं आली, तिनं टॉमच्या आईला पुढं करून दावा चालवला, १८८७ साली टॉम तिच्या ताब्यात गेला. आई चॅरिटीला वाटलं असेल लेक घरी येतो. लेक मॅनेजरणीच्या घरी गेला, चॅरिटी परत जॉर्जियाला. अमेरिकेतला शेवटचा गुलाम असं ज्याला पुढं लिहू लागले तो १३ जून १९०८ला न्यू जर्सीत होबोकनला मेला. होबोकनहून हडसन नदीपलीकडं न्यू यॉर्क दिसतं. पाच वर्षांनी, १९१३ साली, त्या पलीकडच्या काठावर बाबासाहेब कोलंबियात शिकायला उतरले.

टॉमच्या रचना छापल्या गेल्या त्यातल्या काही तर भलत्याच नावांनी. गॉट्शॉकनंही टोपणनाव घेतलं होतं, 'सेव्हन ऑक्टेव्ह्ज', हलकंफुलकं खपवायला. त्यानं ते स्वतः निवडलं होतं.

कुणी म्हणेल, टॉमचं उदाहरण टोकाचं, आंधळा होता, गुलाम होता. बरं. एदमों देदे घ्या. न्यू ऑर्लिन्सचाच, १८२७ चा, गॉट्शॉकहून दोन वर्षांनी मोठा. डोळस. गुलाम नव्हता, स्वतंत्र काळ्या घरातला. व्हायोलिन वाजवणारा, रचना करणारा. गॉट्शॉकला बापानं बोटीत बसवलं, देदेनं सिगार वळून तिकिटाचे पैसे जमवले. फ्रान्समधे गेला, बोर्दोच्या नाट्यगृहांत वर्षानुवर्षं ऑर्केस्ट्रा चालवला. १८८७ साली 'मॉर्गियान' नावाचा अख्खा ऑपेरा लिहून पुरा केला. तो पहिल्यांदा वाजला कधी? २०२५ साली. एकशे अडतीस वर्षं कागद पेटीत. आद्य व्हायला लागतं ते सगळं ह्या माणसाकडं होतं. कातडी सोडून.

मी चिडतोय ते ह्यासाठी की अजून लेख येतात, गॉट्शॉकनं काळ्यांच्या रांगड्या संगीताला उंचीवर नेलं. उंचीवर! सॅलीच्या तोंडून निघालं तेव्हा ते काय जमिनीखाली होतं? ज्या बाईनं वाजवायला हातात काही नसताना चुलीपुढं बसून एका पोराच्या अंगात आयुष्यभराचा ताल घातला, ती मास्तरीण नव्हे? झिमरमानला नाव आहे, त्यानं तर दार लावलं. पॅरिसच्या सगळ्या मास्तरांना नावं आहेत. अमेरिकेच्या ह्या पहिल्या रचनाकाराचा पहिला गुरू गुलाम बाई होती, एवढं एक वाक्य लिहायला कुणाचा हात धरलाय?

हात कुणी धरलेला नाही. लिहिलेलं कुणाकडं आहे, एवढाच प्रश्न. गॉट्शॉक वह्या लिहायचा. तो मेल्यावर बहिणीनं १८८१ साली त्या छापल्या, म्हणून आज त्याची प्रत्येक गाडी, प्रत्येक हॉटेल, प्रत्येक सर्दी आपल्याला माहीत आहे. सॅलीबद्दल आपल्याला जे कळतं तेही त्याच्याच वहीतून, त्याच्याच मर्जीनं. टॉमची वही नाही. त्याच्याबद्दल आहेत ते मालकांचे करार, कोर्टाचे निकाल, तमाशाच्या जाहिराती. म्हणजे ज्यांनी त्याला खाल्लं त्यांच्या पावत्या.

पण त्या पावत्यांतूनही माणूस उभा करता येतो. जेम्स ट्रॉटर, मिसिसिपीत गुलाम जन्मलेला, उत्तरेच्या काळ्या पलटणीत अधिकारी झालेला. त्यानं १८७८ साली काळ्या संगीतकारांवर जाडजूड पुस्तक लिहिलं आणि त्यात टॉमवर स्वतंत्र लिहून ठणकावलं की ह्याला वेडा म्हणू नका. टॉम जिवंत असताना लिहिलं. त्यानंतर शंभर वर्षांनी जिनिव्हा साउथॉल, काळी बाई, स्वतः पियानो वाजवणारी, मिनेसोटाच्या विद्यापीठात शिकवणारी. तिनं टॉमवर तीन खंड लिहिले, १९७९, १९८३, १९९९. वीस वर्षं एका माणसामागं. तिन्ही खंडांच्या नावात गुलामी हा शब्द आहे, आणि त्यातल्या दोन नावांत तिनं टॉमला काळा पियानोवादक-रचनाकार म्हटलं. चमत्कार, पोपट, इडियट, सगळं बाजूला. रचनाकार.

दोघेही ब्रुकलिनमधे पुरलेले आहेत. गॉट्शॉक ग्रीन-वुडमधे, त्याच्या थडग्यावर देवदूताची मूर्ती होती, ती फुटली म्हणून २०१२ साली नवीन बसवली. टॉम एव्हरग्रीन्समधे. त्याच्या जागेवर दगड बसला २००२ साली, मेल्यानंतर चौऱ्याण्णव वर्षांनी.

आपल्यातल्या कॉलेजवाल्यांना माझं सांगणं आहे. गॉट्शॉक जरूर ऐका, 'बांबूला' ऐका, पण लिहाल तेव्हा पहिल्या ओळीत सॅली लिहा. आणि साउथॉलबाईंच्या तीन खंडांतला एखादा तरी मराठीत करायला घ्या. एकेक प्रकरण झालं की आणून द्या. स्टेन्सिल कापायला मी बसतो, रविवारी सुट्टी असते.